कूलंटऐवजी पाणी टाकलं तर?

उधन्यात राहणाऱ्या खानदेशी माणसाने चारचाकी घेतली की तिची पहिली लांब फेरी ठरलेली असते: गावाकडे. बारडोली, व्यारा, सोनगड मागे पडतात, नवापूरला गाडी महाराष्ट्रात शिरते, विसरवाडी येते आणि मग कोंडाईबारीचा घाट लागतो. आखाजीचे किंवा लग्नसराईचे दिवस असले तर बाहेर बेचाळीस-त्रेचाळीस अंश, आत पाच माणसं, डिकीत आहेराची भांडी, एसी चालू आणि समोर पहिल्या गिअरमध्ये कण्हत चढणारा ट्रक. इंजिनाची खरी परीक्षा सुरतच्या रस्त्यांवर होत नाही, ती इथे होते.

आमची गाडी त्या परीक्षेत बसली. निम्मा घाट चढून झाला आणि तापमानाचा काटा लाल पट्टीला जाऊन टेकला. बोनेटच्या फटीतून वाफ यायला लागली. दाजी पाण्याची बाटली घेऊन उतरले आणि ते रेडिएटरच्या झाकणाला हात घालणार तोच मागे थांबलेल्या ट्रकचा ड्रायव्हर ओरडला, "ओ भाऊ, हात लावू नका! अर्धा तास सावलीला बसा आधी." त्या एका हाकेने दाजींचा हात आणि चेहरा वाचला. पुढे धुळ्याला गॅरेजमध्ये रेडिएटर रिकामा केला तेव्हा आतून निघालेलं पाणी चहासारखं तांबूस होतं. टब थोडा कलंडवून पाहिला तर तळाशी गंजाची बारीक वाळू सरकत होती. दोन उन्हाळे मी त्या गाडीत नळाचं, कधी सोसायटीच्या बोअरिंगचं पाणी घालत आलो होतो.

तेव्हापासून मला एक प्रश्न हमखास विचारला जातो आणि तो अगदी रास्त आहे. कूलंटला एवढे पैसे कशाला? पाणी टाकलं तर काय बिघडतं? पूर्वीच्या अ‍ॅम्बेसेडर पाण्यावरच चालत होत्या ना?

हे प्रकरण त्या प्रश्नाच्या उत्तरासाठी आहे. उत्तर कळलं की कूलंट घरी कसं बदलायचं हेही समजतं, कारण त्या कामातली प्रत्येक पायरी कुठल्या ना कुठल्या कारणाने आलेली आहे. कारण माहीत असलं की पायरी चुकत नाही.

१. बोनेटखाली साडेसात गिझर

पेट्रोल जाळून आपण चाकं फिरवतो, पण पेट्रोलमधली सगळी शक्ती चाकांपर्यंत जात नाही. ढोबळ हिशेब असा: साधारण एक हिस्सा गाडी ओढण्याच्या कामी येतो, एक हिस्सा सायलेन्सरमधून गरम धुराबरोबर जातो आणि उरलेला हिस्सा इंजिनाच्या धातूत उष्णता म्हणून शिरतो. हा तिसरा हिस्सा किती मोठा आहे, ते विजेच्या बिलाच्या भाषेत पाहू.

एक लिटर पेट्रोलमध्ये सुमारे ९ युनिट ऊर्जा असते. गाडी ताशी ७५ किलोमीटर वेगाने जाते आणि लिटरला १५ किलोमीटर देते असं धरू. म्हणजे तासाला ५ लिटर पेट्रोल, अर्थात ४५ युनिट. त्याचा तिसरा हिस्सा १५ युनिट. घरातला २ किलोवॅटचा गिझर तासभर चालू ठेवला तर २ युनिट जळतात. तेव्हा सपाट रस्त्यावर निवांत चाललेल्या गाडीच्या बोनेटखाली साडेसात गिझर सतत चालू असतात. घाटात पेट्रोल जास्त जळतं, गिझरही तितकेच वाढतात, आणि नेमका तेव्हाच गाडीचा वेग कमी असल्यामुळे समोरून वारा मिळत नाही. कोंडाईबारीत काटा का चढतो, याचं निम्मं उत्तर इथेच मिळालं.

सिलेंडरच्या आत स्फोटाच्या क्षणी वायूचं तापमान २००० अंशांच्या वर जातं. ज्या अ‍ॅल्युमिनियमचं इंजिनाचं डोकं, म्हणजे 'हेड' बनलेलं असतं, ते ६६० अंशांना वितळतं. तरीही ते वितळत नाही, कारण त्याच्या पोटातल्या वाटांमधून द्रव सतत खेळत असतो. तो धातूची उष्णता घेतो, पुढच्या रेडिएटरमध्ये नेऊन वाऱ्याला देतो आणि परत येतो. पंप त्याला ढकलतो. आपल्याकडचे बरेच मेकॅनिक या पंपाला 'वॉटर बॉडी' म्हणतात. रक्त, हृदय आणि फुफ्फुसं यांचा जो संबंध, तोच इथे कूलंट, पंप आणि रेडिएटरचा.

१८८६ साली कार्ल बेंझने बनवलेल्या पहिल्या मोटारीत असा फेरा नव्हता. तिथलं पाणी उकळून वाफ होऊन उडून जाई आणि वाटेत पुन्हा भरावं लागे. विसाव्या शतकाच्या तोंडावर विल्हेल्म मायबाखने मधमाश्यांच्या पोळ्यासारखा, असंख्य बारीक वाटांचा रेडिएटर बनवला आणि तेच ते पाणी पुन्हा पुन्हा वापरता येऊ लागलं. आपल्या आजच्या प्रश्नाचं मूळ या सुधारणेत आहे. जे पाणी एकदाच वापरायचं ते कसंही असलं तर चालतं. जे वर्षानुवर्षं त्याच धातूंमधून फिरणार, त्याची जात पाहावी लागते.

२. रेडिएटर म्हणजे कुकर

आता झाकणाकडे येऊ, कारण घरी काम करताना सगळ्यात मोठी इजा इथेच होते.

उघड्या पातेल्यात पाणी १०० अंशांना उकळतं. कुकरमध्ये झाकण आणि शिट्टीचं वजन वाफेला अडवतं, दाब वाढतो आणि तेच पाणी १२० अंशांच्या आसपास जाऊनही उकळत नाही. म्हणून डाळ लवकर शिजते. रेडिएटरचं झाकण हुबेहूब हेच करतं. त्यात एक स्प्रिंग असते आणि ती साधारण १ किलोचा, म्हणजे कुकरएवढाच दाब धरून ठेवते. त्यामुळे आतला द्रव शंभरी ओलांडूनही द्रवच राहतो आणि उष्णता वाहत राहतो.

प्रेशर न सोडता कुकर उघडला तर काय होतं, हे स्वयंपाकघरात वावरलेल्या प्रत्येकाला माहीत आहे. ११० अंशांवरचं पाणी दाब गेला की त्याच क्षणी उकळतं आणि छतापर्यंत उडतं. गरम गाडीचं झाकण उघडणं म्हणजे तेच, फक्त पाच-सहा लिटरच्या कुकरवर तोंड वाकवून केलेलं. त्या ट्रक ड्रायव्हरला दाब आणि उत्कलनबिंदू हे शब्द कदाचित माहीत नसतील, पण त्याने ते पाहिलेलं होतं.

झाकणाच्या शेजारून एक बारीक नळी प्लास्टिकच्या टाकीला जाते. द्रव तापून फुगला की जास्तीचा भाग या टाकीत येतो, इंजिन थंड झालं की तो पुन्हा आत ओढला जातो. भरती-ओहोटीसारखंच. टाकीवरच्या खालच्या आणि वरच्या खुणा थंड गाडीसाठी असतात, हे लक्षात ठेवा. अनेक नव्या गाड्यांत रेडिएटरला झाकणच नसतं. तिथे ही टाकीच दाबाखाली असते आणि तिचंच झाकण कुकरचं झाकण असतं.

आणखी एक भाग: थर्मोस्टॅट. हे इंजिनाचं दार. त्याच्या पोटात मेणाची गोळी असते. द्रव साधारण ८० ते ९० अंशांच्या दरम्यान तापला की मेण वितळून फुगतं, दार उघडतं आणि द्रव रेडिएटरकडे जाऊ लागतो. तोवर तो इंजिनातच फिरतो, म्हणजे थंड इंजिन लवकर कामाच्या तापमानाला येतं. गाडी तापते म्हणून हा थर्मोस्टॅट काढून टाकायचा सल्ला अनेक ठिकाणी मिळतो. तो मानू नका. इंजिन सतत अर्धवट गरम राहिलं तर पेट्रोल जास्त खातं आणि ऑइल लवकर खराब होतं. थर्मोस्टॅट अडकत असेल तर नवा बसवावा.

३. बाटलीत असतं काय

कूलंटच्या बाटलीत मुख्यतः तीन गोष्टी असतात: पाणी, ग्लायकॉल आणि गंज रोखणारी रसायनं. रंग ही चौथी, पण तिचा कामाशी संबंध नाही.

उष्णता वाहून नेण्यात पाण्याला तोड नाही. ग्लायकॉल या बाबतीत पाण्याच्या साठ टक्केसुद्धा भरत नाही. तेव्हा नुसतं कूलंट, पाणी न मिसळता घातलं तर गाडी जास्त थंड राहील हा समज उलटा आहे. मग ग्लायकॉल घालायचं कशाला? इथिलीन ग्लायकॉल प्रथम १८५६ साली फ्रान्सच्या शार्ल वुर्ट्झने तयार केलं. गोठणाऱ्या देशांत त्याचा मोठा उपयोग झाला: पाण्यात निम्मं मिसळलं तर मिश्रण उणे ३५ अंशांच्याही खाली जाईपर्यंत गोठत नाही. सुरतला त्याचं काय कौतुक, असं कोणीही म्हणेल. पण तेच मिश्रण उकळायलाही उशीर लावतं. उघड्यावर ते १०७ अंशांच्या आसपास उकळतं आणि झाकणाच्या दाबाखाली १२५च्याही पुढे जातं. घाटात हे जादा अंश कामी येतात.

तरीही माझ्या मते आपल्या हवामानात बाटलीतला सगळ्यात मोलाचा भाग तिसरा आहे. त्याचं प्रमाण थोडंसंच असतं, पण इंजिनाचं आयुष्य त्याच्यावर टिकतं.

पांडेसऱ्याच्या डाइंग-प्रिंटिंग मिलमध्ये बॉयलरवर काम केलेला कुणी तुमच्या ओळखीत नक्की असेल. त्याला विचारा, बॉयलरला थेट बोअरचं पाणी देता का? तो नाही म्हणेल. आधी पाणी सॉफ्टनरमधून जातं, त्याचा जडपणा तपासला जातो, मगच ते बॉयलरमध्ये जातं. तसं नाही केलं तर नळ्यांच्या आत क्षारांचा पांढरा थर बसतो, आग बाहेरून कितीही लावली तरी उष्णता पाण्यापर्यंत पोचत नाही आणि नळी जळते. घरात आंघोळीचं पाणी तापवायच्या भांड्याला आतून हाच पांढरा पापुद्रा धरतो. रेडिएटरच्या नळ्या चपट्या आणि फार अरुंद असतात. तिथे पोस्टकार्डाएवढा थर बसला तरी पुष्कळ झालं.

क्षारांचा दुसरा त्रास जास्त छुपा आहे. इंजिनात एकाच पाण्याला अनेक धातू लागलेले असतात: कुठे बीड, कुठे अ‍ॅल्युमिनियम, कुठे पितळ किंवा डाख. दोन वेगळे धातू आणि मध्ये क्षारयुक्त पाणी, ही तर बॅटरीची कृती झाली. बारीक वीज वाहते आणि त्यातला दुबळा धातू हळूहळू झिजून पाण्यात उतरतो. गंज रोखणारी रसायनं धातूवर अगदी पातळ लेप धरतात आणि ही झीज थांबवतात. साध्या पाण्यात हा लेप नसतो. धुळ्याच्या टबात मी पाहिलेली ती तांबूस वाळू म्हणजे माझ्याच इंजिनाचं लोखंड होतं.

अ‍ॅम्बेसेडरचं उत्तरही इथे मिळतं. त्या जुन्या इंजिनाचा ब्लॉक आणि हेड दोन्ही जाड बिडाचे होते, रेडिएटर तांब्या-पितळेचा होता, गळला तर कुठलाही कारागीर डाख लावून देई आणि ड्रायव्हर डिकीत पाण्याचा डबा घेऊनच निघत. इंजिन गंजत तेव्हाही होतं, पण अंगात मांस भरपूर होतं. आजच्या गाडीत हेड अ‍ॅल्युमिनियमचं, रेडिएटर पातळ अ‍ॅल्युमिनियमचा आणि त्याच्या दोन्ही टाक्या प्लास्टिकच्या असतात. शिवाय अ‍ॅल्युमिनियम तापल्यावर बिडाच्या जवळपास दुप्पट पसरतं. बिडाच्या ब्लॉकवर असलेलं असं हेड एकदा जोरात तापलं की वाकडं होतं, मधलं गॅस्केट उडतं आणि खर्च एकदम मोठ्या आकड्यावर जातो.

ही संरक्षक रसायनं कायम टिकत नाहीत. ती काम करता करता संपतात, आणि ग्लायकॉलही उष्णतेत राहून हळूहळू आम्ल बनतं. जुन्या पद्धतीच्या कूलंटचं आयुष्य दोनेक वर्षं, नव्या सेंद्रिय आम्लांवर आधारलेल्या कूलंटचं पाच वर्षं किंवा जास्त. नेमका आकडा गाडीच्या पुस्तिकेत असतो. कूलंट दिसायला स्वच्छ असूनही आतून संपलेलं असू शकतं, म्हणून डोळ्यापेक्षा तारखेवर भरवसा ठेवा.

४. रंग आणि पाच लिटरचं गणित

दुकानात हिरवं, निळं, लाल, गुलाबी, नारिंगी असं कूलंट मिळतं. हिरव्यात हिरवं टाकलं म्हणजे झालं, असं पुष्कळजण मानतात. रंग कंपनीने आपल्या सोयीने घातलेला असतो, त्याला सगळ्यांनी मानलेला नियम नाही. एकाच रंगाची दोन कूलंट आतून वेगळी असू शकतात आणि न जुळणारी रसायनं एकत्र आली तर संरक्षण कमी होतं, कधी गाळही धरतो. तेव्हा पुस्तिकेत कोणता प्रकार लिहिला आहे ते पाहा आणि बाटलीच्या मागे तोच आहे का ते वाचा. भारतीय मानकाचा क्रमांक आयएस ५७५९ आहे, जपानी गाड्यांच्या बाबतीत जेआयएस के २२३४ असाही उल्लेख दिसतो.

बाटली घेताना आणखी एक शब्द वाचायचा: ती तयार मिश्रणाची आहे की 'कॉन्सन्ट्रेट'. तयार मिश्रण जसंच्या तसं ओतायचं. कॉन्सन्ट्रेटमध्ये सांगितलेल्या प्रमाणात, बहुधा निम्मं, पाणी मिसळायचं. पाणी डिस्टिल्ड हवं. बॅटरीत घालतात ते पाणी दुकानात कॅनने मिळतं, तेच घ्या. घरच्या फिल्टरचं पाणी प्यायला उत्तम असलं तरी त्यात थोडे क्षार उरतातच.

आता ज्या गणितात घरी काम करणारे हमखास चुकतात, ते पाहू. समजा तुमच्या गाडीत एकूण ५ लिटर द्रव मावतो. खालचा नळ उघडला की ३ लिटर बाहेर येतो. उरलेला २ लिटर इंजिनाच्या पोटात आणि हीटरच्या नळ्यांत तसाच राहतो. तुम्ही आत साधं पाणी फिरवून धुतलं असेल तर हा २ लिटर म्हणजे नुसतं पाणी. आता त्यावर तयार मिश्रणाचा ३ लिटरचा कॅन ओतला, तर त्यात ग्लायकॉल दीडच लिटर. पाचात दीड म्हणजे ३० टक्के, निम्मं नव्हे. आणि संरक्षक रसायनंही त्याच हिशेबाने कमी पडली.

उपाय सोपा आहे. धुवायचं असेल तर भरताना कॉन्सन्ट्रेट वापरा. पाचाचं निम्मं अडीच लिटर. आधी अडीच लिटर कॉन्सन्ट्रेट ओता, मग अर्धा लिटर डिस्टिल्ड पाणी. आतलं २ आणि हे अर्धा मिळून पाणीही अडीच लिटर झालं. तुमच्या गाडीचा एकूण आकडा पुस्तिकेत पाहा आणि बाहेर किती आलं ते मोजा. त्यासाठी टबातला द्रव बाटल्यांनी मोजून कॅनमध्ये भरायचा.

५. रविवारची सकाळ

सकाळ अशासाठी की गाडी रात्रभर उभी राहून पुरती थंड झालेली असते. बोनेटला हात लावून थंड वाटलं म्हणजे इंजिन थंड असं नाही. जाड धातू तीन-चार तास उष्णता धरून ठेवतो.

काय लागेल: पसरट टब, नरसाळं, पकड, स्क्रू ड्रायव्हर, हातमोजे, फडकी, जुन्या द्रवासाठी झाकणाचा कॅन आणि नवा माल. गाडी सपाट जागी उभी करा, हँडब्रेक ओढा, मागच्या चाकांना विटा लावा. चावी काढून खिशात ठेवा, कारण काही गाड्यांत इंजिन बंद असतानाही रेडिएटरचा पंखा अचानक फिरू शकतो. जॅकवर उचललेल्या गाडीखाली नुसत्या जॅकच्या भरवशावर कधीही शिरू नका. बहुतेक गाड्यांत वाकून हात पोचतो. नसेल पोचत तर हे काम घरी करायचं नाही. हायब्रीड आणि बॅटरीवरच्या गाड्यांना हे प्रकरण लागूच नाही, त्यांची रचना वेगळी असते.

झाकणावर जाड फडकं टाकून ते आधी पाव फेरा फिरवा. फुस्स असा आवाज आला तर थांबा, गाडी अजून गरम आहे. आवाज नाही आला तर दाबून पूर्ण उघडा. झाकणाच्या आतला रबरी वायसर पाहा. तो चिरला असेल तर झाकण दाब धरणार नाही आणि कितीही चांगलं कूलंट घातलं तरी घाटात उकळेल. नवं झाकण त्याच दाबाचं घ्यायचं.

रेडिएटरच्या तळाशी एका कोपऱ्यात निचऱ्याचा प्लास्टिकचा नळ असतो. तो बोटांनीच फिरवा. पकडीचा जोर लावला तर तो तुटतो आणि सकाळचं काम संध्याकाळचं होतं. काही गाड्यांत हा नळ नसतो. तिथे खालच्या जाड होज पाईपची क्लिप पकडीने दाबून मागे सरकवायची आणि पाईप काढायचा. वर्षानुवर्षं चिकटलेला पाईप ओढून येत नाही. दोन्ही हातांनी धरून आधी डावी-उजवीकडे पिळा, चिकटलेलं सुटलं की मग ओढा. आत स्क्रू ड्रायव्हर खुपसून उचकटू नका, त्याखालची प्लास्टिकची नळी फार ठिसूळ असते. आणि चेहरा बाजूला ठेवा, द्रव सुटतो तेव्हा एकदम येतो.

टबात जे येईल ते नीट बघा, आजारी माणसाची लघवी डॉक्टर तपासतात तसं. मूळ रंग आणि स्वच्छ असेल तर उत्तम, नुसतं भरा. तांबूस असेल तर गंज आहे, धुवावं लागेल. वर तेलाचा तवंग असेल किंवा दुधाळ चिकट साय दिसली तर ऑइल आणि कूलंट कुठेतरी एकमेकांत मिसळतंय. तेव्हा हात थांबवा आणि गाडी मेकॅनिककडे न्या, तीही ओढून.

धुवायचं झालं तर नळ बंद करून डिस्टिल्ड पाणी भरा, हीटरचं बटण पूर्ण गरमवर ठेवा, इंजिन चालू करून पंखा एकदा लागेपर्यंत चालवा. मग बंद करून पुन्हा थंड होऊ द्या आणि सोडा. थंड होण्याचा हा वेळ वाचवता येत नाही. निघालेलं पाणी स्वच्छ दिसेपर्यंत दोनदा-तीनदा हे करावं लागतं. म्हणून खूप गंजलेल्या गाडीचं काम एका सकाळी उरकत नाही.

भरणं हे सगळ्यात नाजूक काम. घाईने ओतलं की आत हवेचे फुगे अडकतात. जिथे फुगा, तिथे धातूला द्रव लागत नाही आणि तेवढाच भाग तापतो. काटासुद्धा अशा वेळी खोटं बोलतो, कारण त्याचा सेन्सर फुग्यात असेल तर त्याला गरम द्रव लागतच नाही. म्हणून नरसाळ्याने अगदी सावकाश ओता. मध्ये थांबून वरचा जाड पाईप हाताने दाबा आणि सोडा, बुडबुडे वर येताना दिसतील. पुस्तिकेत हवा काढण्याचा स्क्रू दाखवला असेल तर तो सैल ठेवा आणि त्यातून बुडबुड्यांशिवाय सलग द्रव आला की कसा. नाक वरच्या बाजूला राहील अशा थोड्या चढावर गाडी लावली तर हवा सहज निघते.

मग हीटर गरमवर ठेवून, झाकण उघडं असतानाच इंजिन चालू करा. पातळी खाली जाईल तसं थोडं थोडं भरत राहा. इंजिन तापायला लागलं आणि द्रव वर चढू लागला की झाकण लावा. दाबाची टाकी असलेल्या गाडीत झाकण कधी लावायचं ते पुस्तिकेप्रमाणे करा. पंखा दोनदा लागून बंद होऊ द्या. गाडीत बसून एसीच्या जाळीसमोर हात धरा: हवा कढत येत असेल तर गरम द्रव आतपर्यंत फिरतोय. हवा गारच असेल तर फुगा अजून आत आहे. दुसऱ्या दिवशी सकाळी, थंड गाडीची टाकी पाहा, बहुधा थोडी उतरलेली असेल. दोन खुणांच्या मध्ये येईल इतकं घाला. आठवडाभर रोज सकाळी पाहा. पातळी एकदा उतरून थांबली तर ती हवा होती. रोज उतरत राहिली तर कुठेतरी गळती आहे आणि ती शोधायलाच हवी.

६. टबातलं विष

काम झालं, टब भरलेला आहे. पार्किंगच्या कोपऱ्यातलं गटार दोन पावलांवर आहे. इथे मला तुमच्याकडे हात जोडून मागणं मागायचं आहे: त्यात ओतू नका.

इथिलीन ग्लायकॉल चवीला गोड असतं, आणि ते विष आहे. पोटात गेलं की यकृत त्याचं आम्लांमध्ये रूपांतर करतं. शेवटी बनणारं ऑक्झॅलिक आम्ल रक्तातल्या कॅल्शियमशी जुळून बारीक टोकदार स्फटिक होतं आणि ते मूत्रपिंडात अडकतात. मोठ्या माणसालाही शंभरेक मिलिलीटर जीवघेणं ठरू शकतं, कुत्र्या-मांजराला काही चमचे पुरतात. टब उघडा ठेवून तुम्ही चहाला वर गेलात आणि सोसायटीतलं कुत्रं त्यात तोंड घालून गेलं, तर दोन-तीन दिवसांनी ते का मेलं हे कुणालाच कळणार नाही. त्याच घराण्यातलं डायइथिलीन ग्लायकॉल १९८६ साली मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात ग्लिसरीनमधून रुग्णांच्या पोटात गेलं आणि चौदाजण दगावले. न्यायमूर्ती लेंटिन आयोगाने त्याची चौकशी केली होती.

शिवाय जुन्या कूलंटमध्ये इंजिनातून झिजलेले धातू उतरलेले असतात. आपल्या भागातलं पावसाळी पाणी मिठी खाडी, कांकरा खाडी अशा खाड्यांना जाऊन मिळतं. त्या खाड्यांनी आधीच खूप सोसलं आहे. जुना द्रव झाकणाच्या कॅनमध्ये भरा, वर मार्करने 'विष - कूलंट' असं ठळक लिहा, शीतपेयाच्या बाटलीत तर कधीच भरू नका. ज्या वर्कशॉपमध्ये जुनं ऑइल आणि असले द्रव गोळा करून पुढे अधिकृत विल्हेवाटीला देतात, तिथे विचारून तो नेऊन द्या. जमिनीवर सांडलेलं वाळू किंवा भुसा टाकून टिपून घ्या आणि मग ती जागा पाण्याने धुवा. चुकून कुणी प्यायलंच तर वाट न बघता, बाटली बरोबर घेऊन दवाखाना गाठा. वेळेत गेलं तर यावर उतारा आहे.

७. आणि तरीही घाटात काटा वर गेला तर

काटा अर्ध्याच्या वर सरकू लागला की आधी एसी बंद करा. मग हीटर पूर्ण गरमवर आणि पंखा मोठ्यावर. चाळीस अंशांत हे सोसवत नाही, काचा खाली करा. हीटर म्हणजे इंजिनाचा छोटा दुसरा रेडिएटरच आहे, दोन-तीन गिझरची उष्णता तो ओढून घेतो. एवढ्याने काटा उतरला नाही, तर सुरक्षित जागा पाहून गाडी बाजूला घ्या. वाफ येत असेल किंवा काटा लाल पट्टीत असेल तर इंजिन लगेच बंद. वाफ निवल्याशिवाय बोनेटही उघडू नका. झाकण तर किमान पाऊण तास नाही. तापलेल्या इंजिनावर बाहेरून गार पाणी ओतू नका, तापलेल्या काचेच्या ग्लासावर ओतल्यासारखं होतं.

पाऊण तासाने, फडकं टाकून, पाव फेरा फिरवून झाकण उघडलं आणि आत पातळी खाली गेलेली दिसली, तर काय घालायचं? कूलंटची सुटी बाटली डिकीत असेल तर ते. नसेल तर पाणी घाला, सावकाश, इंजिन चालू ठेवून. विकत घेतलेली प्यायच्या पाण्याची बाटली जवळ असेल तर ती हापशाच्या पाण्यापेक्षा बरी. पाणी अजिबात नसण्यापेक्षा साधं पाणी केव्हाही चांगलं. तेवढ्यावर गाडी दहिवेल, साक्री गाठेल, धुळ्यालाही पोचेल. फक्त किती पाणी घातलं ते पेट्रोलच्या पावतीच्या मागे लिहून ठेवा. उधन्याला परतल्यावर त्या आठवड्यात पाच लिटरचं गणित पुन्हा मांडायचं आहे, आणि त्याला हा आकडा लागणार आहे.